कानात नाव सांगणारी

मालिका लागायची वेळ झाली की वाडीतल्या एखाद्या पोरीला वरच्या अंगाला पिटाळत. आत्या तिच्या घरात आहे ना, एवढंच बघून यायचं. पोरगी धापा टाकत परत येई आणि सांगे, "हाय. पडवीत बसलीय. तांदूळ निवडतेय." मग सगळ्यांच्या माना पुन्हा टीव्हीकडे वळत. तिथे आत्या एका पाळण्यावर वाकलेली असे. ती एकाच वेळी दोन्हीकडे आहे हे कळल्यावर कुणाला हायसं वाटत नसे. बायका तेव्हाच आपापली पोरं जवळ ओढून घेत.

ही वाडी माझं आजोळ. पोलादपूरहून कापड्याला उतरायचं आणि भातखाचरं मागे टाकत तासभर डोंगर चढायचा. आत्या ही माझ्या आईची आत्या. लग्नानंतर चार वर्षांत नवरा गेला, ती माहेरी परतली आणि हळूहळू साऱ्या वाडीचीच आत्या झाली. बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. वाडीतल्या मुली लग्न होऊन लांब गेलेल्या, पावसाळ्यात त्यांना येणं जमत नसे, म्हणून त्यांच्या जागी हिला बसवायला सुरुवात झाली. पुढे सख्खी आत्या हजर असली तरी पाळण्यावर आधी हीच वाकू लागली. चाळिशीच्या आतल्या वाडीतल्या जवळजवळ प्रत्येक माणसाने स्वतःचं नाव पहिल्यांदा ऐकलं ते तिच्या तोंडून.

मला तिचा फार अभिमान होता. नवरा नसलेली बाई मंगलकार्यात सर्वांच्या पुढे, आणि त्यासाठी कुणी मोर्चा काढला नव्हता की पत्रक छापलं नव्हतं. आमच्या महाडच्या घरात पत्रकांशिवाय दुसरं काही नव्हतं म्हटलं तरी चालेल. वडील शिक्षक. हुंडा, दारू, अंगात येणं, पाणवठे, अशा विषयांवरच्या पत्रकांचे गठ्ठे आमच्या पलंगाखाली असत. मी अक्षरं गिरवायच्या आधी मथळे वाचायला शिकले. सतराव्या वर्षी मी स्वतः पत्रकं लिहीत होते आणि माझा असा ठाम समज होता की नीट मांडलेली गोष्ट माणसाला पटतेच.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर मी एक पत्रक लिहिलं होतं, पडद्यावरच्या म्हाताऱ्यांवर. शिलाई मशीनवर खोकणारी आई, देवापुढे डोळे पुसणारी विधवा, हसवण्यासाठी पाय घसरून पडणारी जाडी मावशी, नाहीतर मग हडळ. भात लावणारी, म्हशीने लाथ मारू नये म्हणून तिला शिव्या देणारी, एसटीत कंडक्टरशी हुज्जत घालणारी म्हातारी कुठेच नाही. पडद्यावरच्या या बायकांना गुडघे आहेत, कारण ते दुखायला लागतात, पण हात नाहीत, असं एक वाक्य मी त्यात टाकलं होतं. ते मला फार आवडायचं.

त्याच सुमारास मुंबईहून एक माणूस वडिलांकडे आला. मालिकेसाठी वरंधच्या बाजूला जागा बघत होता आणि जुन्या चालीरीतींची माहिती हवी होती. मी त्याला माझं पत्रक दिलं. त्याने ते उभ्या उभ्या पूर्ण वाचलं आणि म्हणाला, "बरोबर आहे तुझं. खरी म्हातारी दाखवायला हवी. आहे कुणी?"

मी त्याला आत्याकडे नेलं. पुढचं सगळं त्या एका चढणीतून आलं.

भाद्रपद होता. दहा वाजून गेले तरी धुकं उठलं नव्हतं. समोरचं खाचर दिसायचं, त्याच्या पलीकडचं नाही. वाडीत माणसं कमी आणि आवाज जास्त, असे ते दिवस असतात. कोण कुठून बोलतंय ते कळत नाही. युनिटची सात-आठ माणसं आत्याच्या अंगणात उभी होती आणि आत्या हिरव्या लुगड्यात, घट्ट अंबाडा घालून त्यांच्यासमोर.

"आजी, रोज असंच नेसता?" त्या माणसाने विचारलं.

"मग काय, नागवी फिरू?"

सगळे हसले. आत्या हसली नाही, तिने खरंच उत्तर दिलं होतं. त्यांनी पिशवीतून पांढरं पातळ काढलं. आत्याने हात लावला नाही. पांढरं आमच्याकडे फक्त एकदाच, आणि तेही दुसऱ्याने अंगावर घालायचं असतं. मग ते म्हणाले, केस मोकळे सोडा. बाई माणूस केस मोकळे कधी सोडतं, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं आणि मीही सांगितलं नाही. मला वाटत होतं, आत्या दिसायला हवी, मग ती कशात का असेना.

"तुला बरं वाटतंय ना गो यात?" आत्याने मला विचारलं.

"हो आत्या. सगळ्या महाराष्ट्राला दिसशील तू."

"आण मग."

बारशाचं दृश्य आहे असं ते म्हणाले होते. बाळ द्यायला कुणी तयार झालं नाही, म्हणून पाळण्यात टॉवेलची गुंडाळी ठेवली. आत्या पाळण्यापाशी बसली आणि थांबली.

"नाव काय सांगू?"

"काहीही सांगा, आजी. ऐकू येणार नाहीये."

"काहीही कसं सांगू? कोण हाय यात?"

"कुणी नाही."

आत्याने पाळण्यात बघितलं. मग वाकली. तिचे ओठ हलले, नेहमी हलतात तसेच, सावकाश, टॉवेलचा कोपरा कानासारखा बोटांत धरून. कॅमेऱ्यामागच्या माणसाने हात वर केला तेव्हा तिने मान उचलली आणि सरळ समोर बघितलं. पांढरं पातळ, सुटे केस, मागे धुकं. पुढे ज्या नजरेने घराघरात माणसं दचकली ती ही नजर. मला एवढंच माहीत आहे की मी कॅमेऱ्याला खेटून उभी होते आणि ती माझ्याकडे बघत होती. झालं ना गो, एवढंच विचारत होती.

मालिका भुताखेतांची निघाली. बारशाचं दृश्य बारशाचं राहिलंच नाही. आत्याचा तो तुकडा दर आठवड्याला मालिकेच्या नावाच्या आधी दाखवत. मोजला तर बारा सेकंदांचा. ती वाकते, ओठ हलतात, त्यावर त्यांनी सापाच्या फूत्कारासारखा काहीतरी आवाज चढवलेला. ती वर बघते. आणि पुढच्याच क्षणी पाळणा रिकामा हलताना दिसतो आणि अंगणात पांढऱ्या कपड्यात बांधलेलं एक लहान गाठोडं. याचा अर्थ समजायला कुणाला शाळेत जावं लागत नाही.

वाडीत तेव्हा एकच टीव्ही होता, माझ्या मामाच्या शेजारच्या घरात. पहिल्या दिवशी सगळे जमले होते आणि आत्याला पुढे बसवलं होतं. तिने स्वतःला कधी पाहिलं नव्हतं. घरातला आरसा तळहाताएवढा, त्यात कुंकवाच्या जागेपुरतं कपाळ दिसायचं. तुकडा लागला आणि गेला.

"ही कोण?" तिने विचारलं.

मी म्हटलं, "तूच की."

"पापणी हलत नाय तिची," ती म्हणाली.

मागे एक सून बाळाला अंगावर घेऊन बसली होती. तिने पदर ओढला आणि उठून आतल्या खोलीत गेली. कुणी तिला का गेलीस म्हणून विचारलं नाही.

काही दिवसांनी खालच्या घरात मुलगा झाला. बाराव्या दिवशी मी तिथेच होते, दिवाळीच्या सुट्टीत. आत्याने सकाळी अंघोळ केली, बारशासाठी ठेवलेलं जांभळं लुगडं नेसली आणि पडवीत येऊन बसली. बोलावणं येईल म्हणून हातात दुसरं काम घेतलं नाही. ऊन पायरीवरून अंगणात उतरलं. दुपारी खालून पाळण्याचं गाणं ऐकू आलं. आत्याने ते शेवटपर्यंत ऐकलं, मग उठली, लुगडं बदललं आणि म्हशीचं शेण काढायला गेली.

मी खाली जाऊन भांडले. घरातली थोरली बाई पोळ्या लाटत होती. तिने लाटणं खाली ठेवलं नाही.

"आमच्या मनात काय नाय गो. आत्या म्हणजे आमची आत्या. आमच्या ह्यांच्या पण कानात तिनंच सांगितलं."

"मग?"

"मग काय? पोर लहान हाय."

ती शिवी देती तर मलाही उलट देता आली असती. त्यानंतरच्या बारशाला तेच, आणि त्याच्या पुढच्याला. आत्याचं वाडीत जे स्थान होतं ते त्या एका वाकण्यावर उभं होतं. तिला जमीन नव्हती, मूल नव्हतं. ते गेलं तर ती भावाच्या जुन्या घरात राहणारी एक म्हातारी उरत होती. तिला ते परत मिळवून द्यायचंच, असं मी ठरवलं आणि मला जे येत होतं ते केलं.

मी पत्रक काढलं.

मथळा मीच दिला: ही हडळ नाही. छापखान्यात सर्वांत मोठ्या अक्षरांचा खिळा वापरायला सांगितला. खाली आत्याबद्दल सगळं, तिने किती पिढ्यांना नावं दिली ते, मालिकेने तिची कशी फसवणूक केली ते. युनिटमधल्या एकाने त्या दिवशीचा एक फोटो मला दिला होता, तो मध्यभागी टाकला. छापखानावाला म्हणाला, ठसा नीट उठणार नाही, धुकं आहे फोटोत. मी म्हटलं, उठेल तेवढा उठू दे. पिवळ्या कागदावर आत्याचं तोंड काळं आलं आणि त्यात डोळ्यांच्या जागी दोन पांढरे ठिपके. मी तेही चालवून घेतलं. मजकूर महत्त्वाचा होता.

महाडच्या आणि पोलादपूरच्या स्टँडवर मी पत्रकं वाटली, कापड्याच्या बाजारात वाटली, वाडीत घरोघर दिली. सगळ्यांनी दोन्ही हातांनी घेतली.

पौषात पुन्हा गेले तेव्हा ती पत्रकं दारांवर होती. पहिल्या घरावर दिसलं तेव्हा मला आनंद झाला. मग जवळ जाऊन बघितलं. लिंबू-मिरचीच्या दोऱ्यात ओवलेलं होतं. पुढच्या घरात पाळण्याच्या दोरीला, फोटो बाहेरच्या बाजूला करून. गोठ्याच्या खांबाला. वाडीतून खाली जाणाऱ्या पायवाटेवर दोन्ही बाजूंच्या दारांवर माझी पत्रकं हलत होती आणि प्रत्येकावरून ते दोन पांढरे ठिपके बघत होते.

मामीला विचारलं. ती ओशाळली. "हडळीला तिचं तोंड दाखवलं की उंबरा वलांडत नाय म्हणतात."

"त्याच्यावर काय लिहिलंय ते वाचलं का कुणी?"

"पोरांनी वाचलं की. हडळ शब्द मोठा हाय, तेवढा लगेच वाचता येतो."

शेजारच्या वाड्यांवर, जिथे वीजही नव्हती आणि त्या मालिकेबद्दल कुणी ऐकलं नव्हतं, तिथेही ते पत्रक पोहोचलं होतं. मीच चढून दिलं होतं.

आत्या पाण्याला जाताना रोज त्या वाटेने जायची. तिला वाचता येत नव्हतं. त्या दिवशी मी तिच्या हातातला हंडा घेतला आणि आम्ही दोघी खाली उतरलो. तिने मान खाली ठेवली होती.

"काय लिहिलंस गो त्यात?"

"तू हडळ नाहीस, असं."

ती उतारावरून चार पावलं उतरली. मग म्हणाली, "आधी कोण म्हणत होतं तसं?"

मी आठवून बघितलं. बायका पोरं आत नेत होत्या, बारशाला बोलावत नव्हत्या, मालिकेच्या वेळी बघायला माणूस पाठवत होत्या. पण तो शब्द वाडीत कुणीच उच्चारला नव्हता. पहिल्यांदा तो मी लिहिला होता.

त्या हिवाळ्यापासून आत्या बोलताना तोंडावर पदर धरू लागली. आधी लहान मुलांसमोर, मग सगळ्यांसमोर. माझ्याशी बोलतानाही. मुलं तिला घाबरतात म्हणून ती असं करते, असं मी धरून चालले होते.

पुढे मालिका बंद झाली, पत्रकं पावसाने गळून पडली, पण बोलावणं आलं नाही. वर्षं गेली. मी शिकले, महाडातच नोकरीला लागले, पत्रकं लिहीत राहिले. टीव्हीवरच्या म्हाताऱ्या बदलल्या. आता त्या खोकत नव्हत्या. भरजरी साड्या नेसून, नजर बारीक करून जिन्यावर उभ्या राहायच्या आणि अख्खं घर त्यांच्या भुवईवर चालायचं. सत्तरीची बाई, अंगावर सुरकुती नाही, झोप नाही, आणि काम काय तर सुनेवर लक्ष ठेवणं. माझ्या मैत्रिणी म्हणायच्या, बघ, निदान म्हाताऱ्यांना सत्ता तरी मिळाली. मला ती सत्ता नको होती. हात त्यांनाही नव्हतेच, बांगड्या तेवढ्या होत्या.

एका दुपारी बाजारपेठेतून जाताना इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानापाशी मी थांबले. काचेमागे सहा टीव्ही लावलेले, लहानमोठे, आवाज बंद. सहाही टीव्हींवर आत्या पाळण्यावर वाकत होती.

तेच पातळ, तेच केस. पण धुक्याला सोनेरी रंग दिला होता, ते धुपाच्या धुरासारखं दिसत होतं. तिच्याभोवती प्रकाशाची कड. ती वाकली, ओठ हलले, तिने वर बघितलं, सहाही ठिकाणी माझ्याकडे. पुढच्या दृश्यात झगझगीत दिवाणखान्यात एका बाळाला हातात घेऊन सगळे हसत होते. दुकानातल्या मुलीला विचारलं. ती म्हणाली, "ती का? त्या घराण्याची मेलेली पणजी आहे. वंशाला आशीर्वाद द्यायला येते. तिने कानात सांगितलं की बाळाला काही होत नाही."

आत्या तेव्हा जिवंत होती. तिला कुणी विचारलं नव्हतं. कुठल्यातरी कपाटातून तो तुकडा काढून रंगवला होता. एकदा मारणारी, एकदा तारणारी. मधली, तांदूळ निवडणारी, त्यांना दोन्ही वेळा नको होती.

दोन आठवड्यांत मामाचा निरोप आला. आत्याला बारशाचं बोलावणं आलंय, तू ये.

वाडीत आता घराघरावर डिशच्या छत्र्या लागल्या होत्या. खालच्या घरातल्या नव्या सुनेला मुलगी झाली होती, आणि तिने हट्ट धरला होता की टीव्हीतल्या आजी आपल्याच वाडीत असताना दुसरं कुणी का. थोरली बाई, तीच, स्वतः आत्याच्या पडवीत येऊन पाया पडून गेली होती.

"जाणार ना?" मी आत्याला विचारलं. मला राग आला होता आणि तरी वाटत होतं, तिने जावं. कारण काहीही असो, तिचं तिला मिळतंय.

"मला नाय बोलावलं," ती पदराआडून म्हणाली. "तिला बोलावलंय. पण जायला मलाच लागेल."

खोलीत पंधरा-वीस बायका होत्या. पाळण्याला झेंडूच्या माळा. आत्या जांभळं लुगडं नेसून पाटावर बसली तशी एक जण म्हणाली, "आत्या, पदर डोक्यावरनं काढ की. टीव्हीत तसा नाय."

"केस पण," दुसरी म्हणाली, आणि हसत हसत तिने आत्याच्या अंबाड्याला हात घातला. मी तो हात धरला. ती म्हणाली, "अगं, शुभ असतं ते."

आत्या पाळण्यावर वाकली. बाळ जागं होतं. तिने पदर तोंडावरून काढला, बाळाचा कान बोटांत धरला. तिचे ओठ उघडले. नाव सांगितलं की रीतीप्रमाणे पाठीत धपाटे घालायला बायका हात वर करून उभ्या. खोलीत इतकी शांतता की पाळण्याची कडी कुरकुरलेली ऐकू आली. आत्या तशीच वाकून राहिली. किती वेळ ते मी सांगू शकत नाही. बारा सेकंदांहून पुष्कळ जास्त. तिच्या ओठांतून काही येत नव्हतं आणि ओठ मिटतही नव्हते, आणि पापणी हलत नव्हती.

मग तिने पदर पुन्हा तोंडावर घेतला आणि सरळ झाली.

"माझ्याच्यानं नाय व्हायचं."

"का गो आत्या? आमचं चुकलं का काय?" थोरली बाई घाबरली.

"तसं नाय. मी एकदा कोणीच नसलेल्याच्या कानात नाव टाकलंय. ते कोणाचं तरी झालं आसल. तवापासनं ह्या तोंडातलं नाव कुठं जाईल, मला कळत नाय." तिने सुनेकडे बघितलं. "तू सांग. तुझ्या पोटातली हाय."

"आई कुठं नाव सांगते?" कुणीतरी म्हणालं.

"सांग," आत्या म्हणाली, आणि पाट सोडून बाजूला झाली.

सून वाकली. तिला जमेना, ती लाजली, मग तिने सांगितलं. बायकांनी धपाटे घातले, थोडे उशिरा आणि हलके. आत्या भिंतीला टेकून, तोंड झाकून, त्या मुलीच्या ओठांकडे बघत होती.

मुलं घाबरतात म्हणून आत्या तोंड झाकत नव्हती. तिला स्वतःची भीती वाटत होती, आणि इतकी वर्षं मला हे कळलं नव्हतं.

तेव्हापासून त्या वाडीत आईच बाळाला नाव सांगते. आसपासच्या दोन वाड्यांतही ते सुरू झालं आहे. महाडात ओळखीचे लोक म्हणतात, ही केवढी सुधारणा, तुम्ही लोकांनी केलेल्या कामाचं फळ, यावर लिहा. बारशाहून परतल्यावर मी लिहायला बसलेही होते. 'आईने सांगितले बाळाचे नाव', हा मथळा सुचायला मला क्षणही लागला नाही. कागद पुढ्यात होता. पण खाली पहिलं खरं वाक्य जे यायला हवं होतं ते असं होतं, की एका म्हाताऱ्या बाईला स्वतःच्या तोंडाची भीती वाटते आणि ती तिला मी घातली. ते लिहिल्याशिवाय पुढचं लिहिता येत नव्हतं. मी पत्रक काढलं नाही.